फिरून येणारा काळ: तुळजापूर ते कुंथलगिरी

एकच दिवस पुन्हा पुन्हा उगवतो. हे फक्त नायकाला कळते, बाकी कुणाला काही आठवत नाही, आणि अंगी थोडे शहाणपण आल्याशिवाय त्याची सुटका होत नाही. १९९३च्या ‘ग्राउंडहॉग डे’ या चित्रपटानंतर ही कल्पना इतकी रुळली, की आज मालिकांत, व्हिडिओ गेममध्ये, तरुणांच्या कल्पनारम्य कादंबऱ्यांत ती जागोजागी भेटते. अशा कादंबरीचा लेखक आधी एक जग उभे करतो आणि मग त्या जगातल्या काळाचे कायदे ठरवतो. काय परत येणार, कोणाच्या लक्षात राहणार, बाहेर पडायला दार आहे की नाही, हे त्याला सांगावेच लागते. या तीन प्रश्नांना ज्याच्याकडे धड उत्तर नाही त्याचे जग पन्नासाव्या पानावर कोसळते.

मराठी वाचक हे सगळे परदेशी नवल म्हणून वाचतो, ही गंमत आहे. एकट्या धाराशिव जिल्ह्यात, बालाघाटाच्या डोंगरांत, काळ फिरून येतो असे सांगणाऱ्या दोन पूर्ण मांडण्या कित्येक शतके शेजारी शेजारी नांदत आहेत. एक तुळजापूरची, पुराणांवर उभी असलेली. दुसरी भूम तालुक्यातल्या कुंथलगिरीची, जैन. दोघींचे एकमेकींशी अजिबात जुळत नाही. दोघींनाही वरचे तिन्ही प्रश्न पडलेले आहेत, आणि त्यांची उत्तरे आजच्या बहुतेक कादंबऱ्यांपेक्षा जास्त काटेकोर आहेत. त्या खऱ्या की कल्पित, हा वाद इथे घालायचा नाही. जगाची रचना म्हणून त्या कशा उभ्या राहतात, एवढेच पाहायचे आहे.

तुळजापूरपासून सुरुवात करू. तुळजाभवानीची मूर्ती चल आहे. वर्षातून तीनदा ती सिंहासनावरून उचलून शेजघरातल्या पलंगावर ठेवतात. ही देवीची मंचकी निद्रा. भाद्रपद वद्यात, शारदीय नवरात्राच्या आधी, घोर निद्रा. दसऱ्याचे सीमोल्लंघन झाले की कोजागरीपर्यंत श्रमनिद्रा, म्हणजे लढाईनंतरची विश्रांती. आणि पौषात शाकंभरी नवरात्राच्या आधी तिसरी, मोहनिद्रा. महिषासुराशी युद्ध दरवर्षी होते, त्याआधीची झोप दरवर्षी आणि नंतरचा थकवाही दरवर्षी. सीमोल्लंघनाची पालखी बुऱ्हाणनगरहून येते, तीही दरवर्षी. हे झाले सगळ्यात लहान आवर्तन, बारा महिन्यांचे.

त्याच नवरात्रात देवीच्या अलंकार महापूजा बांधतात, त्या नीट पाहाव्यात. शेषशायी अलंकारात विष्णू शेषावर निजलेला असतो. हा प्रसंग एक कल्प संपून दुसरा सुरू होण्याच्या मधल्या प्रलयातला आहे. मुरली अलंकारात कृष्ण येतो, म्हणजे द्वापारयुग. भवानी तलवार अलंकारात देवी शिवाजी महाराजांना तलवार देते, म्हणजे सतरावे शतक. अब्जावधी वर्षांचे अंतर असलेले प्रसंग दोनचार दिवसांत, एकाच मूर्तीवर, एकामागून एक उभे राहतात. रांगेतल्या भाविकाला त्यात काही विचित्र वाटत नाही, कारण त्याच्या मनात काळ सरळ रेषेत मांडलेलाच नसतो.

या रचनेचे आकडे प्रत्येक पूजेच्या संकल्पात असतात. भोपे किंवा उपाध्ये भरभर म्हणून टाकतात आणि यजमान मान डोलावतो, पण तो यजमानाचा काळातला पूर्ण पत्ता असतो: श्वेतवाराह कल्प, त्यातले सातवे म्हणजे वैवस्वत मन्वंतर, त्यातले अठ्ठाविसावे महायुग, त्यातल्या कलियुगाचा पहिला चरण. कलियुग ४,३२,००० वर्षांचे. द्वापार त्याच्या दुप्पट, त्रेता तिप्पट, कृत चौपट. चारींची बेरीज ४३,२०,००० वर्षे. अशा ७१ महायुगांचे एक मन्वंतर. १४ मन्वंतरे आणि त्यांच्या मधले संधिकाळ मिळून १००० महायुगांचा कल्प, म्हणजे ४३२ कोटी वर्षे. हा ब्रह्मदेवाचा एक दिवस, रात्र तेवढीच. कलियुगाची सुरुवात परंपरा इसवीसनापूर्वी ३१०२ला धरते, म्हणजे आपल्या युगाची जेमतेम पाच हजारांहून थोडी अधिक वर्षे सरली आहेत. ‘घोर कलियुग आले’ म्हणून सुस्कारा टाकणाऱ्यांनी हा हिशेब एकदा करून पाहावा.

आता पहिला प्रश्न. परत येते ते नेमके काय? तुळजापूरची लोकपरंपरा सांगते की देवी कृतयुगात ऋषिपत्नी अनुभूतीच्या हाकेला धावली, त्रेतात सीतेच्या शोधात निघालेल्या रामाला घाटशीळेवर दिसली, द्वापारात धर्मराजाला प्रसन्न झाली आणि कलियुगात शिवाजी महाराजांना. प्रत्येक वेळी माणूस निराळा आणि संकट निराळे. डोंगर तोच, देवी तीच. म्हणजे इथे दिवस जसाच्या तसा परत येत नाही, प्रसंगाची घडण परत येते. नाटक तेच असते, संहिता मात्र प्रत्येक प्रयोगाला नव्याने लिहिली जाते. इंग्रजी चित्रपटातल्या फेऱ्यात अलार्मही रोज त्याच मिनिटाला वाजतो. पुराणांना एवढी हुबेहूब नक्कल कधी पटलेलीच नाही.

याचा सर्वांत स्पष्ट पुरावा ज्या ग्रंथाचे पाठ नवरात्रात घरोघरी होतात त्यातच आहे. दुर्गासप्तशती हा मार्कंडेय पुराणाचा भाग आहे, आणि तिची चौकट मन्वंतरांच्या वर्णनाची आहे. ती कथा ऐकणारा सुरथ राजा दुसऱ्या, म्हणजे स्वारोचिष मन्वंतरातला. अकराव्या अध्यायात देवी भविष्यकाळात बोलते: वैवस्वत मन्वंतराच्या अठ्ठाविसाव्या युगात शुंभ-निशुंभ पुन्हा उपजतील आणि मी नंदाच्या घरी यशोदेच्या पोटी जन्म घेऊन त्यांना मारीन. अठ्ठाविसावे युग म्हणजे आपलेच. ज्यांना आत्ता मागच्या अध्यायांत मारले, त्यांच्याच नावांचे दुसरे दोघे. पण या खेपेला देवीचा जन्म वेगळा, आईबाप वेगळे, रणभूमी वेगळी. त्याच अध्यायात ती आणखी एक वचन देते. शंभर वर्षे पाऊस पडणार नाही, तेव्हा मी शंभर डोळ्यांनी मुनींकडे पाहीन आणि माझ्या देहातून उगवलेल्या भाज्यांनी पाऊस येईपर्यंत जग पोशीन. हीच शाकंभरी. तिचे नवरात्र तुळजापुरात पौषात, शारदीय नवरात्राच्या खालोखाल थाटाने होते. पर्जन्यछायेतल्या जिल्ह्याच्या कुलदेवतेकडे दुष्काळाचा असा करार असावा, हा योगायोग असला तरी फार अर्थपूर्ण योगायोग आहे.

दुसरा प्रश्न साक्षीदाराचा. फेरा सगळ्यांवरून जातो, पण तो फेरा आहे हे सांगायला कुणीतरी मागचे आठवणारा लागतो. आधुनिक गोष्टीत हे काम नायकाकडे असते आणि त्यामुळे तो एकटा पडतो. पुराणांनी ते काम निवेदकाकडे दिले. सप्तशती सांगणारा मार्कंडेय हा प्रलय पाहून वाचलेला ऋषी आहे. वडाच्या पानावर पहुडलेले बाळ त्यानेच पाहिले. योगवासिष्ठात हे काम एका कावळ्याकडे आहे, आणि माझ्या मते जगातल्या सगळ्या कालचक्राच्या गोष्टींत त्याला तोड नाही. भुशुंड हा दीर्घायुषी कावळा मेरूवर राहतो. वसिष्ठ त्याला भेटायला जातात तेव्हा तो सांगतो, की तुमच्याशी माझी भेट याआधीच्या सृष्टींतही झाली आहे. समुद्रमंथन, रामावतार, रामायणाची रचना त्याने अनेकदा पाहिली आहे. काही सृष्टी अगदी या सृष्टीसारख्या होत्या, काही अर्ध्यामुर्ध्या, काही पार उलट्या, असेही तो सांगतो. म्हणजे प्रत्येक फेऱ्यात थोडा फरक पडतो, आणि फरकांची नोंद ठेवणारा एक जण आहे. एखाद्या कादंबरीकाराला याहून चांगले पात्र सुचेल असे वाटत नाही.

या विचाराचे वजन इतिहासलेखनावरही पडले. कवींद्र परमानंदाच्या शिवभारतात शिवाजी महाराज विष्णूचा अवतार म्हणून येतात आणि भाराने वाकलेली पृथ्वी पुराणातल्यासारखी गाऱ्हाणे घेऊन जाते. सभासदाच्या बखरीत अफझलखानाच्या प्रसंगी भवानी महाराजांशी बोलते. १६५९ची घटना लिहिताना लेखकाच्या हाताखाली महिषासुराचा साचा तयारच होता. साच्याने स्मरण सोपे होते, तसा तपशील बोथटही होतो. खानाच्या फौजेची वाट, जावळीचा मुलूख, वाटाघाटी, वकिलांच्या खेपा, यांतले जे साच्यात बसत नाही ते मागे पडते. चक्राकार काळाच्या मांडणीवरचा माझा मुख्य आक्षेप हाच. पुढचा शत्रूही आधीच्यासारखाच निघेल, अशी सवय तिने मनाला लागते.

आता कुंथलगिरी. देशभूषण आणि कुलभूषण या मुनींना इथे मोक्ष मिळाला अशी श्रद्धा, म्हणून हे सिद्धक्षेत्र. आचार्य शांतिसागर महाराजांनी १९५५ साली इथेच सल्लेखना, म्हणजे अन्नपाणी सोडून देह ठेवण्याचे व्रत, घेतली आणि १८ सप्टेंबरला देह ठेवला. जैन मांडणीत काळाला निर्माता नाही, प्रलयानंतरची नवी सृष्टी नाही आणि वचन देणारी देवीही नाही. चक्र आपोआप फिरते. अर्धे चक्र उतरते, ती अवसर्पिणी. अर्धे चढते, ती उत्सर्पिणी. प्रत्येक अर्ध्यात सहा काळ. उतरताना माणसाची उंची, आयुष्य, सुख सगळे कमी कमी होत जाते, चढताना वाढते. प्रत्येक अर्ध्यात चोवीस तीर्थंकर होतात. पण तेच जीव पुन्हा तीर्थंकर होत नाहीत, कारण आधीचे मुक्त झालेले असतात. पुढच्या चोविशीतला पहिला तीर्थंकर पद्मनाभ होईल, आणि तो जीव महावीरांच्या काळातल्या श्रेणिक राजाचा आहे, असे शास्त्र नाव घेऊन सांगते. खुर्च्या ठरलेल्या, बसणारे दर वेळी नवे.

आपण आहोत तो पंचमकाळ. बोलताबोलताही जैन घरांत हा शब्द येतो, ‘पंचमकाळच आहे, चालायचेच’ असा. महावीरांच्या निर्वाणानंतर तीन वर्षे साडेआठ महिन्यांनी तो सुरू झाला आणि २१,००० वर्षे चालणार आहे. या काळात जन्मलेल्या कोणालाही आपल्या भरतक्षेत्रातून मोक्ष नाही, जंबूस्वामी शेवटचे. म्हणजे दार आहे, पण बंद आहे. ते कधी उघडेल याचा हिशेबही मांडता येतो. पंचमकाळाची उरलेली साडेअठरा हजारांच्या आसपास वर्षे, मग २१,००० वर्षांचा षष्ठकाळ, मग चक्र वर वळल्यावर पुन्हा २१,०००चे दोन काळ. एकूण सुमारे ८१ हजार वर्षे. त्यानंतर पद्मनाभ. कल्पित जगाच्या कुठल्याही नकाशात इतके थंडपणे लिहिलेले कुलूप मी पाहिलेले नाही. ज्या टेकडीवर दोन मुनींना मोक्ष मिळाल्याचे सांगतात, तिथेच विसाव्या शतकातला एक आचार्य देह ठेवतो, तोही या जन्मी मोक्ष नाही हे पुरते माहीत असून. सल्लेखना हा पुढच्या जन्मांच्या वाटेवरचा एक टप्पा ठरतो.

या मांडणीत आणखी एक खुबी आहे. चक्र फक्त भरत आणि ऐरावत या क्षेत्रांत फिरते. विदेहक्षेत्रात काळ स्थिर आहे. तिथे कायम चौथ्या काळासारखी स्थिती असते आणि तीर्थंकर सीमंधर आजही तिथे उपदेश करत आहेत. एकाच विश्वात दोन प्रदेशांना काळाचे दोन निराळे कायदे! विज्ञानकथेत हे वाचले असते तर आपण लेखकाची पाठ थोपटली असती.

तिसऱ्या, म्हणजे सुटकेच्या प्रश्नावर वेगळे उत्तर तेरमधून निघते. हे वारकरी संत गोरोबा काकांचे गाव. वारकरी संतांनी जन्ममरणाचा फेरा मान्य केला, पण त्यातून सुटायची घाई केली नाही. तुकोबांनी तर मोक्ष नको, संतसंग असेल तर पुन्हा गर्भवासात खुशाल घाल, असेच देवाला सांगितले. सप्तशतीच्या शेवटीही अशीच निवड आहे. सुरथ राजा राज्य परत मागतो, आणि पुढे सावर्णी नावाचा आठवा मनू होतो, म्हणजे चक्रातच राहतो, वरच्या जागी. त्याच्याबरोबरचा समाधी वैश्य ज्ञान मागतो आणि चक्राबाहेर जातो. देवी दोघांनाही देते; एकाला शहाणा आणि दुसऱ्याला मूर्ख ठरवत नाही. फेऱ्यातून बाहेर पडणे म्हणजेच शेवट गोड, हे चित्रपटांनी लावलेले वळण आहे.

भौतिकशास्त्राचे थोडक्यात सांगतो, कारण इथे शब्द फार खर्चावेत इतके हाती नाही. १९४९ साली कुर्ट गोडेलने आइन्स्टाइनच्या समीकरणांतून एक फिरते विश्व काढून दाखवले, त्यात प्रवासी स्वतःच्या भूतकाळात परत जाऊ शकतो. १९९२ला स्टीफन हॉकिंगने असे काही घडू नये अशीच निसर्गाची व्यवस्था असावी, असा तर्क मांडला. वाद अजून मिटलेला नाही. मराठी वाचकाला जवळचे जयंत नारळीकर. १९७४ साली ‘नारायण विनायक जगताप’ या टोपणनावाने त्यांनी मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला ‘कृष्णविवर’ पाठवली आणि पहिले बक्षीस मिळवले. नंतरच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’मध्ये १७६१ला विश्वासराव वाचतात आणि पुढचा इतिहास दुसऱ्या फाट्याने जातो. हॉईल आणि बर्बिज यांच्याबरोबर १९९३ला त्यांनी मांडलेल्या विश्वरचनेत आरंभ नव्हता. विश्व काही हजार कोटी वर्षांच्या लयीत आक्रसते आणि पसरते, असा तो विचार. बहुतेक शास्त्रज्ञांनी तो स्वीकारला नाही. ४३२ कोटींचा कल्प आणि ही लय शेजारी ठेवून टाळ्या मिळवणे सोपे आहे, पण त्यात ना पुराणाचा मान राहतो ना विज्ञानाचा.

फिरत्या काळाची एक मांडणी मात्र खरोखर तपासून पाहता येते, आणि ती पंचांगात आहे. साठ संवत्सरांचे चक्र गुरूच्या पाच आणि शनीच्या दोन फेऱ्यांवर बेतलेले आहे. २०२५च्या पाडव्याला विश्वावसू सुरू झाले. त्याआधीचे विश्वावसू १९६५चे. संवत्सराच्या नावावरून पाऊसपाण्याचे फल सांगायची चाल आहे. मग १९७२ घ्या. आजही मराठवाड्यात ‘बहात्तरचा दुष्काळ’ म्हटले की वेगळे काही सांगावे लागत नाही. खडी फोडायची कामे, मिलो ज्वारी, सुकडी. ते परिधावी संवत्सर. ते पुन्हा येणार २०३२ला. पण दुष्काळाने साठ वर्षे कुठे वाट पाहिली? २०१२-१३ला तो आला, आणि लगेच २०१५-१६ला पुन्हा. १९७२ आणि २०१५ या दोन्ही वर्षी पॅसिफिकमध्ये जोरदार एल निनो होता. एल निनो परत येतो, पण दोन ते सात वर्षांच्या अंतराने, कधी लवकर कधी उशिरा. २०१२ला तर तसा जोरदार एल निनो नसतानाही पाऊस गेला. परत येतो हे खरे. ठरल्या घटिकेला येतो हे खोटे. भूकंपाचे तर त्याहून अवघड. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे उमरगा-लोहाऱ्याची गावे कोसळली, तेव्हा भूकंपाच्या नकाशावर हा भाग सर्वांत कमी धोक्याच्या पट्ट्यात होता. तिथे मागचा फेरा आठवणारा कुणी कावळा नव्हता.

सगळ्या मांडण्या शेजारी ठेवल्यावर माझे मत असे बनते. हुबेहूब परत येणारा दिवस ही त्यांतली सर्वांत कच्ची कल्पना आहे, कारण तिच्यात नायक सोडून बाकी सगळे जग बाहुले होते. पुराणांची मांडणी गोष्टीसाठी सर्वांत सुपीक, कारण तिच्यात साचा ठरलेला आणि माणसे मोकळी. इतिहास किंवा पावसाचा अंदाज यांसाठी मात्र ती वापरू नये. जैन मांडणी सर्वांत निष्ठुर आणि तर्काला सर्वांत पक्की. तिच्यात नवस चालत नाही.

मराठीत कल्पनारम्य कादंबरी लिहू पाहणाऱ्या तरुण मुलामुलींना एवढीच विनंती, की परक्या जगांचे नकाशे गिरवण्याआधी सप्तशतीचा अकरावा अध्याय, योगवासिष्ठातली भुशुंडाची गोष्ट आणि कुंथलगिरीचा कालहिशेब एकदा वाचा. ८१ हजार वर्षे बंद असलेले दार, काळ न फिरणारा शेजारचा प्रदेश आणि सगळे आठवणारा एक कावळा, एवढे साहित्य तयार पडले आहे. कादंबरी तुम्ही लिहायची.